हिमसंहितेचा नावाडी

उल्हासनगरच्या कापडबाजारात निळ्या मखमलीचा एकच तुकडा उरला होता, आणि त्याची दोन टोकं दोघांच्या हातात होती. एक मीनलच्या, दुसरं एका उंच, सावळ्या मुलाच्या.

"एक ही पीस है," दुकानदार म्हणाला. "आपस में देख लो."

"मला ब्लाउजसाठी हवाय," मीनल म्हणाली. "तुम्हाला कशाला?"

"ग्... ग्रंथ..." तो अडखळला. श्वास घेऊन पुन्हा म्हणाला, "ग्रंथाला कव्हर. ब-बर्फाच्या जादूचा आहे. फार प्राचीन."

"किती प्राचीन?"

"स-सातशे वर्षं."

"आणि कव्हर आज शिवताय?"

तो हसला, इतका मोकळा की मीनलच्या हातून टोक सुटलं.

"घ्या. पण तयार झाला की मला बघायचाय."

त्याचं नाव जयदेव. चिखलोलीचा. अंबरनाथच्या एका कारखान्यात मशीनची ड्रॉइंग्ज काढायचा. दर रविवारी अंबरनाथलाच, चिंतामणी नावाच्या मित्राच्या घरी, त्यांचा एक खेळ रंगायचा. जयदेव एका बर्फाळ देशाची गोष्ट सांगायचा, चिंतामणी आणि त्याची बायको श्रद्धा त्यातली पात्रं व्हायचे, आणि पुढे काय घडणार ते फासे ठरवायचे. मीनल बदलापूरला फिजिओथेरपिस्ट होती, रविवारी मोकळी असायची. बघून तर येऊ, म्हणून गेली.

मखमलीतला ग्रंथ टेबलावर होता. जयदेवने त्यावर अलगद हात ठेवला.

"ही हिमसंहिता. शिशिरगडाच्या ऋषींनी रचलेली. हिच्यातला मंत्र वाचला की नदी थांबते, वारा गोठतो. पण प्रत्येक मंत्र वाचणाऱ्याची एक ऊब घेऊन जातो. आधी चहाची. मग उन्हाची. मग माणसांची."

तो एकदाही अडखळला नाही. मीनल त्याच्याकडे बघतच राहिली, आणि त्या संध्याकाळी ती शिशिरगडाची वैद्य अंजनी झाली.

गोष्टीत एक नदी होती, नदीवर एक नावाडी होता. त्याच्या तोंडचं जयदेवच बोलायचा.

"अंजनीबाई, जरा मधे बसा. तुम्ही काठाला बसलात की माझं लक्ष वल्ह्यावर राहत नाही."

"मग नाव बुडेल की."

"बुडू द्या. पोहायला शिकवेन."

चिंतामणी उगाचच खोकला. श्रद्धाने त्याला कोपराने ढोसलं.

खेळ संपला की जयदेव तिला रिक्षा स्टँडपर्यंत सोडायला यायचा. तिथे नावाडी नसायचा, नुसता जयदेव असायचा... बराचसा गप्प. एकदा म्हणाला, "आज च-च—"

"चहा? चल ना," मीनल पटकन म्हणाली.

टपरीवर कप हातात घेऊन तो हसला. "च-चालत जाऊ, असं म्हणत होतो. लोक माझं वाक्य पूर्ण करतात. हॉटेलात प-पोहे मागायचे असतात, येते पुरी. मी खातो गुपचूप."

मीनलला हसू आलं, आणि लगेच ती ओशाळलीही. त्यानंतर ती घाई करेनाशी झाली. तो अडला की ती रस्त्याकडे बघत शांतपणे थांबायची. हळूहळू त्याची वाक्यं लांब होत गेली. आईच्या हातची तांदळाची भाकरी, शाळेत कविता म्हणताना हसलेला वर्ग... फक्त एक गोष्ट दोघांपैकी कोणीच काढत नव्हतं.

मग चिंतामणीची बदली नाशिकला झाली. खेळ संपणार होता. त्याबरोबर रविवारी भेटण्याचं कारणही.

शेवटच्या रविवारी नदीकाठचं अख्खं गाव गोठलं. चुली, गुरं, झोळीतली बाळं. गाव सोडवायला एकच मंत्र होता, हिमसंहितेच्या शेवटच्या पानावरचा.

"या मंत्राला सगळ्यात प्रिय माणसाची ऊब लागते," जयदेव म्हणाला. "तो समोर असेल, पण अंजनीला त्याच्याबद्दल काहीच वाटणार नाही."

मीनलने फासे उचलले, पण टाकले नाहीत.

जयदेवचा आवाज नावाड्याचा झाला, खोल आणि स्वच्छ. "माझी ऊब घ्या, अंजनीबाई. माझं प्रेम आहे तुमच्यावर. गाव वाचू दे. मी नदीवर असेनच."

मीनलने फासे खाली ठेवले.

"हे नावाडी बोलला," ती म्हणाली. "जयदेव काय म्हणतो?"

जयदेवचे कान लाल झाले. श्रद्धा उठली, नवऱ्याचं मनगट धरून म्हणाली, "चला, चहा टाकू," आणि त्याला स्वयंपाकघरात घेऊन गेली.

"म-मला..." जयदेवने मूठ आवळली. "मीनल, मला तू... आ— आ—"

शब्द तिला कळला होता. तिच्या ओठांवर आलाही होता. तिने तो तिथेच ठेवला आणि त्याच्याकडे बघत राहिली. आत कपबशा वाजल्या. त्याने डोळे मिटले, उघडले.

"आव... आवडतेस. ख-खूप. रविवारी नाही फक्त. र-रोज."

मोठी नदी पार केल्यासारखा तो दमून खुर्चीला टेकला. मीनलने टेबलावरून हात पुढे केला आणि त्याची मूठ हळूच उघडली.

"मलाही," ती म्हणाली. "आणि तुझी ऊब मी कोणत्याच मंत्राला देणार नाही."

आतून चिंतामणीने विचारलं, "अरे, गावाचं काय झालं?"

जयदेव तिच्याकडे बघत होता. त्याने अजिबात घाई केली नाही.

"व-वितळतंय," तो म्हणाला.