पुसता न आलेली ओळ

"हेल्मी, चल ना पोहायला! आइस्क्रीमचं पाणी झालं!" ओत्सो ओरडला.

पण त्याची बहीण बाजारातल्या रैमोमामाच्या टेबलापाशी खिळून उभी होती. तळ्यात विषारी शेवाळ आहे का, हे सांगणाऱ्या पिवळ्या पेट्या मामा विकत होता. त्याने एक पेटी सुरू केली आणि तिचा दिवा लुकलुकला. दोनदा सावकाश, तीनदा भरभर!

"ओत्सो, ही तर आपली खूण!"

मामा आणि ही दोघे सौनाच्या, म्हणजे वाफेच्या न्हाणीघराच्या, दारावर अशीच टकटक करत. हेल्मीने ती गंमत म्हणून आपल्या मॉड्यूलमध्ये घातली होती.

अशा पेट्यांतले छोटे संगणक चालवणाऱ्या लिनक्सचा गाभा, म्हणजे कर्नेल, सगळ्यांना खुला. चालू असतानाच त्याला मॉड्यूल नावाचे सुटे भाग जोडता येतात. शेवाळ मोजणाऱ्या नळीसाठी भावंडांनी हिवाळाभर खपून तसा भाग लिहिला होता. कुणीही वापरावा, अट एवढीच, की पुढे देताना मूळ कोडही द्यायचा. ही रीत मामानेच तर शिकवली होती!

"मामा, हे आमचं आहे ना?"

"छे गं! सगळं माझं. कोड कुलूपबंद! जा, खेळा." मामाने वर पाहिलेसुद्धा नाही.

हेल्मीने ओत्सोला वाचनालयाकडे ओढले.

ग्रंथपाल केर्त्तूमावशींनी पोहण्याच्या धक्क्यासाठी एक पेटी घेतली होती. मुलांनी वाचनालयात तिला पडदा जोडला आणि मॉड्यूलची माहिती मागितली.

"लेखक, रैमो!" ओत्सो किंचाळला. "आपली नावं पुसली! आणि दिव्याची खूण तशीच राहिली. न वाचताच ढापलंन!"

"खालची ओळ बघ. परवाना, मुक्त."

"ती पुसायला विसरला?"

"विसरला नाही, पुसता येईना! आपला भाग कर्नेलची जी आतली हत्यारं वापरतो, ती फक्त मुक्त भागांनाच मिळतात. बंद म्हटलं असतं, तर हा जोडलाच गेला नसता!"

मावशी हसल्या. "म्हणजे आम्हाला बंद सांगतो आणि कर्नेलला खुला! चला रे."

बाजारात कॉफी पिणारी सगळी मंडळी माना वळवून पाहू लागली.

"रैमो, पेटी मी घेतलीय. मूळ कोड दे."

"ते... ते गुपित आहे."

"तुझीच पेटी म्हणतेय मुक्त आहे! खोटं नक्की कुणाशी बोललास?"

मामा बीटासारखा लाल झाला. संध्याकाळच्या आत कोड सगळ्यांसाठी खुला झाला, दोघांच्या नावांसकट.

"शाब्बास, पोरांनो!" मावशींनी दोघांना दालचिनीचे पाव दिले. "तळ्याकाठचं प्रत्येक घर तुमचं नाव काढील!"

हेल्मी हसली, पण पाव तिच्या हातातच राहिला.

जेवणाआधी भावंडे सौनात बसली असताना दारावर टकटक झाली. दोनदा सावकाश, तीनदा भरभर.

ओत्सो उठू लागला. हेल्मीने त्याचा हात धरला.

"ती खूण आता सगळ्यांना ठाऊक आहे, मामा," ती आतूनच म्हणाली. "आमची नवी आहे."