ओहोटीच्या वाळूवर

“बोंबील चोरायला एवढी उंच उडी कशाला? हात लांबवला तरी मिळतात!”

नर्मदाचा पाय हवेतच चुकला. चिंचणीच्या किनाऱ्यावर बोंबील वाळत घालायच्या वलांड्या, म्हणजे बांबूचे मांडव, उभ्या होत्या. त्यातल्या एका अर्धवट बांधलेल्या वलांडीची खालची काठी ती पुन्हा पुन्हा ओलांडत होती. थंडीतली सकाळ, समुद्र पार लांब गेलेला, वाळू घट्ट... आणि समोर सायकल धरून एक उंच तरुण हसत उभा. सायकलच्या दांडीला करवत बांधलेली.

“मी चोर नाही,” ती धापा टाकत म्हणाली. “अडथळ्यांच्या शर्यतीची तयारी करतेय.”

“मग अडथळे कुठे हायत?”

“तेच तर नाहीत ना!”

तो हरेश्वर. माकुणसारच्या सुतारांच्या घरातला. तारापूरला अणुवीज केंद्राचं बांधकाम चालू होतं, तिथे काँक्रीट ओतायचे लाकडी साचे ठोकायचा. नर्मदाचे वडील भगवंतराव, तिचे अण्णा, त्याच कामावर स्टोअरकीपर होते. आई गेल्यावर मुलीला घेऊन कराड सोडून आलेले. अण्णा सकाळी जात ते अंधार पडल्यावर येत. नर्मदा पालघरच्या कॉलेजातून परतली की भाड्याच्या खोलीत स्टोव्हची सुरसुर तेवढी सोबतीला. धावताना मात्र एकटेपणा अंगाला चिकटत नसे.

“मी करून देतो अडथळे,” हरेश्वर म्हणाला. “उंची सांगा.”

तिने मांडीवर हात टेकवून उंची दाखवली. त्याने झटकन नजर समुद्राकडे वळवली.

“बघाल तर कळेल ना!” ती हसू दाबत म्हणाली.

“बघितली... एकदा बघितली म्हणजे पुरे.”

पुढच्या रविवारी त्याने साच्यांच्या टाकाऊ फळ्यांतून अडथळे उभे केले. खाली खोल खड्डे खणले, दगड ठोकून बसवले. रात्रीची भरती त्यांच्यावर आपटून गेली, तरी सकाळी एकही हललेला नव्हता. हरेश्वरची छाती फुगली. नर्मदाही भाबडी, आनंदाने सुसाट निघाली. पहिला गेला, दुसरा गेला... तिसऱ्याला गुडघा लागला. अडथळा जागचा हलला नाही. नर्मदा वाळूत तोंडावर आपटली.

“अडथळा पडायला हवा!” वेदनेने तिचे डोळे भरून आले. “धक्का लागला की त्याने पडायचं, मी नाही!”

“पण...” हरेश्वर पांढराफटक पडला. “आमच्या हातचं काम पडत नाय म्हणून तर लोक बोलावतात आमाला.”

गुडघा टम्म सुजला. राज्य स्पर्धा हुकली. महिनाभर ती खाटेवर बसून खिडकीतून रस्ता बघत राहिली. त्या रस्त्याने एक सायकल रोज हळू व्हायची आणि पुढे निघून जायची. ती मुद्दाम मान वळवायची. वळवलेली मान पुन्हा सरळ होईपर्यंत रस्ता रिकामा झालेला असायचा...

पाय टेकवू लागली त्या दिवशी तो दारात आला. हातात हलकीशी, दोन पायांवर टेकलेली चौकट.

“फुंकर मारून बघा.”

“कशाला?”

“मारा तर!”

तिने फुंकर मारली. तेवढ्यात त्याने गुपचूप बोट लावलं आणि चौकट धाडकन पडली.

“बघा! आमच्या आज्याने बघितलं असतं तर मला घराबाहेर काढला असता.”

ती हसली. कितीतरी दिवसांनी त्या खोलीत कुणी हसलं होतं.

मग सराव सुरू झाला. चौकटी किनाऱ्यावरच्या रंभाबाईच्या झोपडीत ठेवायच्या. नर्मदा धावायची, हरेश्वर पडलेल्या उचलून उभ्या करायचा. रंभाबाई बोंबील उलटवता उलटवता ओरडायची, “हरेश्वर, तू चौकटी बघ रे, पोरीला काय बघतंस!” ओहोटी रोज थोडी पुढे सरकते, तशी त्यांची भेटही सरकायची. कधी सकाळी, कधी त्याची पाळी सुटल्यावर संध्याकाळी. मध्येच असे दिवस यायचे, की वाळू उघडी पडायची ती ऐन दुपारी, तो कामावर असताना. ते दिवस तिला खायला उठायचे. ‘तुमी’चं ‘तू’ कधी झालं, दोघांनाही कळलं नाही.

पुढच्या वर्षी नर्मदा राज्यात पहिली आली. पतियाळाच्या शिबिरात गेली, तिथून आशियाई स्पर्धेसाठी बँकॉकला. विमानात, परक्या बोलीत, दिव्यांनी उजळलेल्या मैदानात तिला एकच वाटायचं, पडलेला अडथळा उचलणारा माणूस इथे अनोळखी आहे. ती पाचवी आली. बाकीच्या मुली एकमेकींच्या गळ्यात पडल्या. ही एकटीच बाकावर बसून बुटांच्या नाड्या सोडत राहिली.

परतल्यावर किनाऱ्यावर हरेश्वर भेटला.

“आईला तुझ्याबद्दल बोललो,” तो म्हणाला.

“मग?”

“तिला तू पसंत हाय. पण लग्नानंतर चड्डी घालून धावायचं नाय म्हणते.”

लाटांचा आवाज अचानक फार मोठा वाटू लागला.

“आणि तुझं काय म्हणणं?”

तो वाळूत अंगठा रुतवत राहिला.

“हरेश्वर, मला तू हवास,” ती म्हणाली. “धावणंही हवंय. पुढच्या आठवड्यात पुन्हा शिबिराला निघतेय. दोन्हीतलं एक सोड, असं तू म्हणालास तर... तर मी तुलाच सोडेन. आणि मग जन्मभर रडेन.”

तो आठवडाभर फिरकला नाही. तिने बॅग भरली, काढली, पुन्हा भरली. अण्णांना कामावरून सुट्टी मिळाली नाही. बोईसर स्टेशनवर ती एकटीच आली.

पॅसेंजर येऊन लागली. ती खिडकीशी बसली, तोच प्लॅटफॉर्मवर सायकल आडवी टाकून हरेश्वर येताना दिसला.

“आईला सांगितलं!” तो धापा टाकत खिडकीशी आला. “म्हटलं, नर्मदा धावेल. लग्नानंतरपण धावेल.”

“काय म्हणाल्या?”

“जेवली नाय.”

“आणि तू?”

“मी जेवलो,” तो ओशाळून म्हणाला. “भूक लागली होती गं. उपाशीपोटी भांडता येत नाय मला.”

तिला हसूही आलं, रडूही. “त्यांनी ऐकलंच नाही तर?”

“आज परत सांगेन. उद्या परत. तू येशीपर्यंत रोज सांगेन. तू तिथं कुणासाठी हळू धावू नको, एवढंच.”

शिट्टी झाली. गाडीने हिसका दिला. हरेश्वरने खिडकीचा गज धरला, आधी चालू लागला आणि मग, वहाणा फटफटत, कोपरं कशीही फेकत, धावू लागला. इतकं वेडंवाकडं धावणं तिने उभ्या जन्मात पाहिलं नव्हतं.

“अरे, सोड! पडशील!” ती ओरडली.

“पडू दे!”

गज सुटला. गाडीने वेग घेतला. नर्मदा गजांना गाल टेकवून बघत राहिली... प्लॅटफॉर्म संपत आला होता आणि तो अजून धावत होता.