एका दिवसाला एवढी मोठी बॅग

"काका, एका दिवसाच्या सहलीला एवढी मोठी बॅग?"

शाओतिंगने दारातच विचारलं आणि लुओ दिंगशानचा हात बॅगेच्या पट्ट्यावर तसाच थांबला. आता काय सांगायचं हिला? बॅगेत त्याचे सगळे कपडे होते. जन्मभर खानावळीत वापरलेला भाजीचा रुंद सुरा फडक्यात गुंडाळून ठेवला होता, आणि सगळ्यात खाली युनझीचा निळा स्वेटर होता... तो आज चेंगदूला, आपल्या मूळ मुलखात, जाणार होता आणि परत येणार नव्हता.

"भावासाठी थोडं सामान आहे," तो म्हणाला. "दिंगचुआन भेटायला येणार आहे तिथे."

"बरं," शाओतिंग म्हणाली आणि मुलीचे केस विंचरायला वळली. ती नेहमी अशीच बोलायची. कधी उलट उत्तर नाही, कधी चढा आवाज नाही, आणि कधी मायेचा एक शब्दही नाही! दिंगशानने युनझीशी लग्न केलं तेव्हा ही आठ वर्षांची होती. बाप वारलेली, दोन वेण्यांची पोर. पहिले दोन महिने ती त्याच्या मागे-मागे स्वयंपाकघरात यायची, पिठाचे गोळे मागायची. मग एके दिवशी कुणाची दृष्ट लागली कोण जाणे, ती गप्प झाली. ताटातलं निमूट खायची, स्वतःचे कपडे स्वतः धुवायची. बाराव्या वर्षी आपणहून म्हणाली, मला वसतिगृहाच्या शाळेत घाला. त्याने कितीदा मनाशी विचारलं, माझं काय चुकलं? मूल दुखावेल म्हणून स्वतःचं मूल होऊ दिलं नाही. चेंगदूच्या मित्राने खानावळीत भागीदारी देऊ केली, तीही सोडली, कारण पोरीची शाळा बीजिंगला होती. पण हे तिला सांगायचं नसतं. सांगितलं की त्याचं ओझं होतं.

आता युनझी जाऊन वर्ष झालं होतं. आईच्या आजारपणात शाओतिंग लेकीला घेऊन इथे राहायला आली, ती इथेच राहिली. नवरा कामासाठी दूर ग्वांगझोउला. घर मुळात तिच्याच वडिलांचं. पुढच्या वर्षी माइमाइ शाळेत जाईल, तिला खोली लागेल. आणि जिच्या नात्याने तो या घरात होता, ती तर भिंतीवरच्या फोटोत जाऊन बसली होती... मग आपण इथे कोण?

"लुओ आजोबा, पांडा चावतो का?" माइमाइने विचारलं.

"चावतो की. पण त्याला आधी विचारावं लागतं, बाबा रे, बांबू सोडून तुला वेळ आहे का?"

माइमाइ खदखदून हसली. आजोबांच्या आधी 'लुओ' लावायला तिला आईने शिकवलं होतं, शेजारच्या म्हाताऱ्याला हाक मारतात तसं.

विमानात माइमाइ खिडकीशी बसली, ढगांना पांडा म्हणत राहिली. चेंगदूला उतरल्यावर पिवळा झेंडा घेतलेली तांग नावाची मार्गदर्शक मुलगी उभी होती. सगळे हात हलवत बाहेर आले. फक्त दिंगशानची बॅग फिरत्या पट्ट्यावरून यायची होती, आणि सगळी मंडळी खोळंबली.

"काय हो, यात पांडा भरून नेणार आहात का?" सहलीतल्या वूबाईंनी टोमणा मारला. त्या बीजिंगहून नवऱ्याला घेऊन आल्या होत्या आणि विमानात बसल्यापासून त्याला झापत होत्या.

"नाही बाई. मिळाला तर मात्र तुमच्या शेजारी बसवतो, निदान एक तरी गप्प बसणारा भेटेल तुम्हाला."

वूबाईंचा नवरा मोठ्याने हसला आणि लगेच खोकल्याचं सोंग करू लागला. शाओतिंगच्याही ओठांच्या कडेला काही हललं. दिंगशानने ते पाहिलं, आणि त्याला वाटलं, एवढंच बरोबर न्यावं. एवढं पुरेल.

बसमधून पांडांच्या उद्यानाशी उतरताच तांग घाई करू लागली. "चला चला! जेवण झालं की हे महाराज झोपतात. मग पाठच बघावी लागते!" कार्तिकातली थंडी होती, बांबूच्या वनातून धुकं अजून उठलं नव्हतं. ओल्या वाटेवर माणसांची ही गर्दी! कठड्यापलीकडे एक भलामोठा पांडा पाय पसरून, पाठ टेकून बसला होता. पोटावर बांबूच्या काड्यांचा ढीग, एक काडी उचलायची, दातांनी साल सोलायची, टरफल पोटावरच टाकायचं. जगाची त्याला काहीएक पर्वा नव्हती.

"मला दिसत नाही!" माइमाइ रडकुंडीला आली.

दिंगशानने तिला उचलून खांद्यावर बसवलं. गुडघे कुरकुरले, पण ते इवलेसे पाय छातीवर येताच त्याचा जीव भरून आला. वर्षभरात त्याला कुणी असं घट्ट धरलं नव्हतं... माइमाइ वरून ओरडत होती, "आई, तो आजोबांसारखा जेवतो! सगळं अंगावर सांडतो!" तो हसत होता, डोळे पुसत होता, आणि मनात म्हणत होता, युनझी, बघ गं, बघ! तू असतीस तर...

गर्दी पुढे सरकली. शाओतिंग चार पावलं मागे राहिली, फोटो काढत. इतक्यात वाट झाडणारी एक बाई झाडू टाकून तिच्याकडे धावत आली.

"आगं ए पोरी! तुजं हाइझ पडलं! ल्हान हाइझ पडलंय बघ तिकडं!"

शाओतिंगचा चेहरा पांढराफटक पडला. बीजिंगच्या बोलीत हाइझ म्हणजे मूल. "माइमाइ!" अशी तिने किंकाळी फोडली आणि गर्दीतून वाट काढत धावली. माइमाइ आजोबांच्या खांद्यावर सुखरूप होती, फक्त एका पायात नुसता मोजा होता.

झाडूवाली मागून आली, हातात माइमाइचा लाल बूट. "घ्या. हाइझ चिखलात व्हतं."

तांगला हसू आवरेना. "ताई, घाबरू नका! आमच्या सिचुआनच्या बोलीत बुटाला हाइझ म्हणतात. बाहेरची माणसं रोज फसतात हो."

सगळे हसले. शाओतिंग हसली नाही. तो चिखलाचा बूट हातात धरून ती दिंगशानकडे बघत राहिली.

"काका... तुम्हीपण बुटाला हाइझ म्हणता?"

"म्हणायचो. बीजिंगला आल्यावर सोडलं ते. खानावळीत एकदा ओरडलो, माझं हाइझ मोरीत पडलं! तर निम्मे लोक ताटावरून उठून धावले. नंतर महिनाभर मला विचारायचे, पोर सुकलं का तुझं? तेव्हापासून तो शब्द फक्त गावच्या फोनवर." तो थांबला. "का गं? काय झालं?"

"फोनवर..." ती खाली बसली, तिथेच, ओल्या दगडावर. "तुमचं लग्न झालं त्या वर्षी तुम्ही गावाला फोन केला होता. मी दाराआड होते. तुम्ही म्हणालात, हाइझ लहान आहे, आपल्या काय उपयोगाचं, कुणाला तरी देऊन टाकू..."

दिंगशानने माइमाइला खाली उतरवलं. क्षणभर त्याला काही आठवेना, आणि मग सगळं आठवलं. त्याच्या आईने डोळे दुखेपर्यंत बसून नव्या नातीसाठी कापडी बूट शिवले होते, शेंड्यांवर फुलं भरलेले. माप अंदाजाने घेतलेलं, बूट पायात जाईनात. भावाने फोनवर विचारलं, बसले का? आणि तो म्हणाला...

"बूट गं! ते बूट होते, शाओतिंग! माझ्या आईने तुझ्यासाठी शिवलेले बूट!"

"मला वाटलं, मला देऊन टाकणार..." ती आता आठ वर्षांच्या पोरीसारखी हुंदके देत होती. "मी आईला सांगितलं नाही. सांगितलं तर तिला तुमच्यात नि माझ्यात एकाला निवडावं लागलं असतं, असं वाटायचं. म्हटलं, मी शहाण्यासारखी राहीन, काही मागणार नाही, मग देणार नाहीत. म्हणून वसतिगृहात... म्हटलं, आपणच गेलेलं बरं..."

एवढीशी पोर! रोज ताटावर बसताना हिच्या मनात हे होतं? आणि आपण समजत राहिलो की तिला आपला तिटकारा आहे! किती जेवणं, किती सण, किती वाढदिवस त्या एका शब्दाखाली गाडले गेले. तो तिच्या शेजारी टेकला. तिच्या डोक्यावर हात ठेवावा की नाही, हे त्याला अजूनही कळत नव्हतं. मग ठेवला.

"आईला सांगायचं होतंस गं," तो म्हणाला. "तिने आधी पोट धरून हसून घेतलं असतं. मग मला डावाने बडवलं असतं."

रडता रडता शाओतिंगला हसू फुटलं. वूबाईंनी पिशवीतून संत्रं काढून तिच्या हातात कोंबलं आणि नवऱ्यावर खेकसल्या, "बघता काय? पांडा बघा तुम्ही!"

दुपारी सगळे बाहेरच्या फाटकाशी आले. तिथे दिंगचुआन मालवाहू गाडी घेऊन उभा होता, धाकटा भाऊ, दात पडलेला, तोंडभर हसणारा.

"आलास व्हय दादा! बॅग कुठाय? घाल गाडीत. खोली सारवून, खाट मांडून ठिवलीय तुझी. आता म्हातारपण गावातच काढायचं, काय?"

दिंगशानने मान खाली घातली. शाओतिंगने बसच्या पोटात ठेवलेल्या बॅगेकडे पाहिलं, मग त्याच्याकडे.

"हे भावाचं सामान होय?" तिचा आवाज फार हळू होता. "न सांगता? फाटकाशी आणून सोडून देणार होतात आम्हाला?"

"पोरी, घर तुझं आहे. माइमाइला खोली लागेल. तुझी आई गेली, आता मी कोणत्या नात्याने..."

"आई गेली म्हणून तुम्हीपण जाणार?" ती ओरडली. सगळ्या आयुष्यात पहिल्यांदा ती त्याच्यावर ओरडली, आणि त्याला तो आवाज किती गोड लागला! "एका वर्षात दोघं? मला रडायला तरी कुणी ठेवा ना घरात! माइमाइ माझ्या खोलीत झोपेल. तिला खोली नको, तिला तुम्ही हवे. मला... मला हवे."

दिंगशानने भावाकडे पाहिलं. दिंगचुआनने डोकं खाजवलं.

"आता खाट कुणाला देऊ?" तो कुरकुरला. "बायकोचं ऐकून वाजतगाजत गावभर सांगितलं, दादा येतोय. आता म्हणतील, दादाला पांडानं पळवलं."

"वसंतात येतो रे. तिघंही येतो. महिनाभर राहू."

"येताना सुरा घिऊन ये. वहिनीला आवडायचे तसले नूडल्स तूच कर." एवढं बोलून त्याने गाडीतून धुरी दिलेल्या मांसाच्या दोन लांब पट्ट्या काढल्या, दादाच्या हातात दिल्या आणि तोंड फिरवून नाक शिंकरलं.

परतीच्या विमानात माइमाइ मध्ये झोपली होती, एक पाय आईच्या मांडीवर, एक आजोबांच्या. शाओतिंग म्हणाली, "शेवटच्या रात्री आई काय बोलली तुमच्याशी? मी कधी विचारलं नाही."

वर्षभर त्या घरात दोन माणसं एकाच बाईसाठी दोन खोल्यांत तोंडावर उशी धरून रडत होती. एकाने दुसऱ्याचं दार वाजवलं नव्हतं.

"म्हणाली, मी घोरत नाही, तूच घोरतोस, हे आता तरी कबूल कर."

"घोरायची की ती! केवढ्याने!"

"केवढ्याने! मी तीस वर्षं कानात कापूस घालून झोपलो... पण कबूल केलं मी. म्हटलं, मीच घोरतो, तू झोप."

दोघंही हसत होते आणि दोघांचेही गाल ओले होते. माइमाइने डोळे किलकिले केले.

"कुणाला हसताय?"

"तुझ्या आजीला," शाओतिंग म्हणाली.

"मला सांगा ना. पहिल्यापासून."

विमानतळावर बॅग देण्याआधी दिंगशानने युनझीचा निळा स्वेटर काढून हाताशी ठेवला होता; तो त्याने तिच्या पायांवर घातला आणि सांगायला सुरुवात केली.