सावत्र नात्यांचं कपाट

वाचनालयाची लिफ्ट दुसऱ्या आणि तिसऱ्या मजल्याच्या मधोमध अडकली, तेव्हा आत दोघीच होत्या - ग्रंथपाल आणि तिची पुस्तकांनी भरलेली ढकलगाडी. सकाळपासून आभाळ भरून आलं होतं, पण बरसायचं नाव नव्हतं. अर्ध्या तासानं वरच्या फटीतून विजेरीचा उजेड आला आणि पाठोपाठ एक शांत आवाज.

"घाबरलात का?"

"नाही. कंटाळले."

"मग एखादं पुस्तक वाचायचं. काय काय आहे गाडीत?"

"सावत्र आया," ती म्हणाली. "एकूण तेवीस."

वरचा आवाज जरा थबकला. "तेवीस सावत्र आया आणि तरी घाबरला नाहीत... कमाल आहे."

तिला हसू आलं, आणि लिफ्ट खाली आली तेव्हा ते अजून ओठांवर होतं. वरून उतरून आलेल्या, लिफ्ट दुरुस्त करणाऱ्या लिफ्टवाल्यानं ते पाहिलं. तिनंही त्यानं पाहिलेलं पाहिलं. बास, एवढ्यानंच काम झालं. बाकीचं नंतर नुसतं वाढत गेलं.

सावत्र नात्यांवरच्या कथा, कादंबऱ्या, सल्ल्याची पुस्तकं, सगळं एका कपाटात आणायची हौस तिचीच. का, ते वाचनालयात सगळ्यांना ठाऊक होतं आणि कुणी बोलत नव्हतं. ती तेरा वर्षांची असताना कुणा मावशीनं एका बाईकडे बोट दाखवून सांगितलं होतं, "ही तुझी नवी आई." पुढे वडील गेले, दोघी एकाच घरात राहिल्या, बावीस वर्षं उलटली, तरी त्या बाई आपल्या नव्याच. तिनं त्यांना कधी कशानंही हाक मारली नाही. "औषध संपलंय", "दार उघडं आहे" - सूचनाफलकावर लिहावं तसं बोलणं. भांडण एकदाही झालं नाही, हीच तर अडचण. भांडल्या असत्या तर गोडही झाल्या असत्या.

पुढच्या गुरुवारी लिफ्टवाला सभासद होऊन आला. पुस्तकाला शिवण्याआधी कोपरापर्यंत हात धुऊन आला. बायको जाऊन चार वर्षं झाली होती, घरात चौदा वर्षांची मुलगी. दर गुरुवारी तो त्याच कपाटातलं एक पुस्तक न्यायचा.

"घरात कुणी येणार आहे वाटतं?" एकदा तिनं तारखेचा शिक्का मारता मारता विचारलं.

"अजून विचारलं नाही. आधी अभ्यास."

"आणि विचारणार कुणाला?"

"अभ्यास झाला की सांगतो ना..."

तिनं शिक्का उलटा मारला.

त्याची एक तक्रार होती. या पुस्तकांतली सावत्र आई एक तर कैदाशीण, नाही तर देवी. नुसतं डोकं दुखतं म्हणून बसलेली एकही नाही. "मग तुमच्या घरी येईल ती कुठली?" तिनं विचारलं, आणि तो अगदी गंभीरपणे म्हणाला, "डोकं दुखणारी." तिचं डोकं दर दोन दिवसांनी दुखायचं, आणि टेबलावरची मलमाची बाटली तो दर गुरुवारी बघत होता. ती लाजली. पस्तिसाव्या वर्षी लाजायचं म्हणजे चांगलंच जड जातं.

पण या शहाण्यानं एक घोळ घातला. वाचून झालेलं प्रत्येक पुस्तक तो मुलीच्या उशाशी ठेवत होता. परत करायच्या तारखा वाढवून घेत होता, ते यासाठी. तोंडानं एक अक्षर नाही. पोरगी काय खुळी होती? एका संध्याकाळी ती शाळेच्या गणवेशातच आली आणि नऊ पुस्तकं टेबलावर रचून उभी राहिली.

"बाबा ही माझ्या उशाशी ठेवतात. त्या तुम्हीच ना?"

खोटं बोलता आलं असतं. "बहुतेक," ती म्हणाली.

"तुम्हालाही सावत्र आई आहे म्हणे. काय म्हणता तुम्ही तिला?"

"काहीच नाही."

"मग मीही काही म्हणणार नाही. चालेल?"

त्या आवाजात उद्धटपणा असता तर बरं झालं असतं. मुलगी अगदी मनापासून परवानगी मागत होती. ग्रंथपालनं नऊच्या नऊ पुस्तकं आपल्याकडे ओढली. बावीस वर्षं आपण कुणाला तरी हेच देत आलो, आणि आता ते घ्यायची वेळ आल्यावर हात मागे जातोय, हे तिला लख्ख कळलं.

घरी नवी आई वाळलेल्या कपड्यांच्या घड्या घालत होत्या. भिंतीकडे बघत तिनं सगळं सांगितलं आणि शेवटी विचारलं, "कुणी काहीच म्हणत नसलं की... फार लागतं का?"

त्यांनी उशीच्या अभ्र्याची घडी पुरी केली.

"लागतं. तुझे बाबा म्हणायचे, होईल हळूहळू. पहिली पाच वर्षं मी वाट बघितली." त्यांनी दुसरा अभ्रा घेतला. "पण शाळेतून आलीस की तू आधी स्वयंपाकघरात डोकावायचीस. मी आहे ना, एवढंच बघायचीस. मला तेवढं पुरलं. तुला पुरेल का ते बघ आणि मगच जा."

गुरुवारी तो रिकाम्या हातांनी आला. बाहेर बारीक पाऊस लागला होता, वाचनालयात चिटपाखरू नव्हतं. जे तोंडानं बोलायचं ते पुस्तकांवर ढकललं, गाढवपणा झाला, असं त्यानं आपणहून कबूल केलं.

"अभ्यास झाला मग?"

"झाला. नापास." तो तिच्याकडे बघत राहिला. "माझं प्रेम आहे तुमच्यावर. पण ती कधी आई म्हणेल, असा शब्द मी देऊ शकत नाही."

"मागितलाय कुणी?" तिनं शिक्का बाजूला ठेवला. "माझंही आहे... येईन मी. मात्र तिच्या उशाशी पुन्हा पुस्तक दिसलं तर बघा."

नोंदणी कार्यालयात सह्या झाल्या. मुलीनं फक्त वडिलांचं अभिनंदन केलं. आधी सांगितल्याप्रमाणेच होतं सगळं; तरी तिला लागायचं ते लागलंच.

सामान न्यायला ती घरी आली, तेव्हा तो एक शब्द तिच्या ओठांवर तयार होता. तीन दिवस ती आरशासमोर तो म्हणत होती. उंबऱ्यापाशी तिनं नव्या आईचा हात धरला आणि तोंड उघडलं. पण त्या बाईंना बावीस वर्षांत तिचा चेहरा पाठ झाला होता. त्यांनी चटकन तिच्या ओठांवर तळवा ठेवला.

"आज नको," त्या म्हणाल्या. "आज म्हणालीस तर रोज ऐकावंसं वाटेल. आणि उद्यापासून या घरात म्हणणारं कुणी नाही गं."

खाली तो गाडीपाशी उभा होता. मागच्या सीटवर मुलगी खिडकीकडे तोंड करून बसली होती. नव्या आईंनी बॅग स्वतः उचलून जिन्यापर्यंत आणून दिली, मागे फिरल्या आणि दार लावून घेतलं. हळूच, पण लगेच.