मामाने उभारलेली खोली

मामा गेल्यावर आठवड्याभराने स्टुडिओतून निरोप आला, की शेड रिकामी करायची आहे, त्यांचं सामान घेऊन जा. आईला बरोबर घेऊन मी दुपारीच निघाले. ब्रश, पट्ट्या, चार कपडे... तासाभराचं काम, असंच मला वाटलं होतं.

मामा विशीत घर सोडून या देशात आला तो नट व्हायला. पण त्याच्या बोलण्यातला परका हेल काही केल्या जाईना. म्हणून भूमिका मिळायच्या त्या मुक्या. दरवान, वेटर, आणि बहुतेक वेळा प्रेत. "मी मेलो की सिनेमा सुरू होतो," असं तो हसून सांगायचा. प्रेत होऊन पडल्या पडल्या तो सेटच्या भिंती न्याहाळायचा आणि त्यातल्या चुका काढायचा. शेवटी एक दिग्दर्शक वैतागून म्हणाला, मग तूच उभार. तिथून मामा कलादिग्दर्शक झाला. लोक खुर्च्यांवरून उठून चालू लागले की पडद्यावर त्याचं नाव यायचं.

घरी मात्र तो परत गेलाच नाही. आजी त्याला हाका मारत मारत गेली, तेव्हाही नाही. त्यानंतर आईने त्याच्याशी बोलणं टाकलं. माझ्या नोकरीमुळे ती या शहरात राहायला आली, तरी त्याच्याकडे कधी फिरकली नाही.

स्टुडिओत मामाबरोबर हयात घालवलेला म्हातारा सुतार भेटला. सामान त्याने बांधूनच ठेवलं होतं. मग तो जरा चाचरला. म्हणाला, आत एक सेट उभा आहे, कुठल्याच सिनेमाचा नाही. शेवटचे काही महिने मामा एकटाच तो उभारत होता, कुणाला हात लावू देत नव्हता.

शेडमध्ये रंगाचा आणि भुशाचा वास कोंडला होता. सुताराने दिवा लावला आणि आई जागच्या जागी थिजली. समोर तिच्या माहेरची मधली खोली होती. ते घर पडूनही आता जमाना झाला.

"आठवणीतून केली असेल," मी हळूच म्हटलं.

आईने खिडकीखालच्या पलंगाकडे बोट केलं.

"आई अंथरुणाला खिळली, तेव्हा आम्ही तो पलंग तिथे हलवला... दादा घर सोडून गेल्यावर कितीतरी वर्षांनी. हे त्याला कुणीच कळवलं नव्हतं."

पलंगाच्या उशाशी एक बंद दार होतं. त्याच्यामागे कुणीतरी खोकलं.

"ते दार खोटं आहे, ताई," सुतार कुजबुजला. "नुसतं खिळे मारून बसवलंय... मागे भिंत आहे."

तोवर आईने कडी काढली होती. "आले गं..." असं पुटपुटत ती आत गेली आणि दार लागलं.

आम्ही धावलो. दार हलेना. सुताराने पहार घालून ते उचकटलं. मागे शेडची विटांची भिंत होती, गार आणि सलग. मी तिच्यावर हात आपटत राहिले. सुतार शेडमागे बघायला बाहेर धावला.

आई सापडली ती बाहेर, फाटकाजवळच्या बाकावर, उन्हात शांत बसलेली. शेडला दुसरा रस्ता नव्हता, आणि आमच्यासमोरून तर ती गेली नव्हती.

मी जवळ गेले आणि तिच्या केसांकडे बघतच राहिले. आईचा उजवा हात खांद्याच्या वर जात नाही. तिचा अंबाडा रोज मीच घालते, त्या सकाळीही मीच घातला होता. आता तिच्या पांढऱ्या केसांच्या दोन घट्ट वेण्या होत्या, शाळकरी पोरीसारख्या, वर दुमडून बांधलेल्या.

"आई... या कुणी घातल्या?"

"आईनं. इतकं ओढू नकोस म्हटलं, तर ऐकते कुठे ती!" आई मानेवरून हात फिरवत म्हणाली. "दादा आहे तिथेच. पण त्याला बोलायला फुरसत नाही. शेजारी तुझी खोली बांधायला घेतलीय त्यानं."