झाडून टाकलेली दुपार

शेवटी माझी सुपारी अफजलपूरच्या शंकरप्पाशी फुटली. गूळ वाटला, पाहुणे पान खाऊन गेले. आता हे घडलंच नाही असं धरून पुढं वाचा. आमच्या मन्नाएखेळ्ळीत सगळे तसंच धरून आहेत.

आमचं दुकान वेळेचं. आमच्याकडं वेळ राजगिऱ्याएवढ्या दाण्यांनी पडते – अंगणात, घराच्या धाब्यावर, म्हशीच्या पाठीवर. गोळा करून सुपात पाखडली की जड दाणे पायाशी पडतात, ते कालचे. हलके उडून लांब जातात, ते उद्याचे. कालचे दाणे म्हातारी माणसं चहातून घेतात आणि दिवसभर स्वतःच्या लग्नातल्या जेवणाला नावं ठेवतात. उद्याचा एक दाणा दुधात टाकला की विरजण बघता बघता लागतं. परीक्षेची पोरंही नेतात. त्यांना निकाल आधी कळतो, उत्तरं मात्र कळत नाहीत.

आजचे दाणे सुपाला चिकटून राहतात. त्यांना गिऱ्हाईक नसतं.

छप्पन साल होतं. हैदराबाद राज्य मोडणार हे ठरलं होतं, त्यामुळं उद्याच्या दाण्यांवर झुंबड होती. अप्पांना, म्हणजे माझ्या वडलांना, तराजू खाली ठेवायला फुरसत नव्हती. त्या गर्दीत एक माणूस पावसानं निथळत आला. छत्री काखेत होती, उघडायची राहिली होती. मंठाळचे ईरण्णा मास्तर, आमच्या शाळेत गणिताला नवीन आलेले.

त्यांनी आजचे दाणे मागितले.

"आजचे? कामून?" मी विचारलं.

मास्तरांचं म्हणणं असं की अर्धा वर्ग कालच्या भांडणात बसलेला असतो, अर्धा उद्याच्या सुटीत. चिमूटभर शिंपडले तर एखादा तरी गणितात बसेल.

"नखानं खरडावे लागतेत," मी म्हटलं. "वेळ लागंल."

"लागू द्या... मी बसतो."

बसले. मग दर बाजाराला येऊन बसू लागले. मी खरडायची, ते माझ्या बोटांकडं बघायचे. मी वर बघितलं की सुपाकडं. दाणे सुरीनं लवकर निघतात, हे मी त्यांना सांगितलं नाही. त्यांना ते पहिल्या दिवसापासून ठाऊक होतं, हे मला फार उशिरा कळलं.

मग ती दुपार आली. पुढं ओसरीवर अप्पा, शंकरप्पा आणि त्याची माणसं बसली होती. मला कुणी विचारलं नव्हतं. मास्तर मागच्या दारानं आले आणि गोठ्यामागं, म्हशीला साक्षी ठेवून, बोलले –

"काल तू नव्हतीस, तरी चालत होतं. उद्याचं मला ठाऊक न्हाई. पण आज तू नसलीस तर... कुठं बसावं तेच कळत न्हाई मला."

तेवढ्यात पुढं ओसरीवर सुपारी फुटली.

ताजी वेळ दिवेलागणीपर्यंत ओली असते. तोवर ती झाडता येते. झाडली की जिच्या हाती खराटा तिच्याशिवाय कुणालाच काही आठवत नाही. पण ओसरी कुठली आणि गोठा कुठला, हे खराट्याला कळत नाही.

"झाडलं तर तुमी बोललेलं बी जाईल," मी म्हटलं.

"झाड," मास्तर म्हणाले. "मी परत बोलीन."

"आन् न्हाई बोललात तर?"

"तर तू बोल."

मी झाडलं. झाडलेली वेळ बेवारस, म्हणून सरकारजमा करावी लागते. डब्यात भरली आणि हैदराबादच्या मोटारीत चढवली.

पुढच्या बाजाराला मास्तर आले, बसले, आणि अपूर्णांकांवर बोलले. त्याच्या पुढच्या बाजाराला दशांशांवर. मी वाट बघितली. तिकडं शंकरप्पाचा निरोप आला, मुलगी बघायला उद्या येतोय. बरोबरच होतं, ज्याला येऊन गेल्याचं आठवत नाही, तो पुन्हा येणारच. आणि रोज झाडत बसले असते तर गावाला दुपारच उरली नसती.

मास्तर समोर बसलेले असतानाच मी म्हटलं, "अप्पा, शंकरप्पाला येऊ नका म्हणून कळवा. माझं ठरलंय."

"कुणाशी?"

"मास्तरांशी."

अप्पांचा तराजू हवेत राहिला.

"मला कुणी सांगितलं न्हाई," मास्तर म्हणाले.

"आता सांगायले की."

खरं काय, असं अप्पांनी मास्तरांना विचारलं. मास्तरांचे कान लाल झाले. ते बराच वेळ माझ्याकडं बघत राहिले... या वेळी सुपाकडं नाही.

"व्हय," ते म्हणाले. "उत्तर बरोबर हाय. रीत तेवढी आठवंना."

अप्पांनी तराजू खाली ठेवला. आजच्या दाण्यांचं मुलखात एकच गिऱ्हाईक, ते बाहेर कामून सोडायचं, म्हणाले. अफजलपूरला माणूस गेला. आमचं लग्न झालं.

मास्तर अजून विचारतात, मी तेव्हा काय बोललो होतो? मी शब्द न् शब्द सांगते. त्यांचा विश्वास बसत नाही. इतकं चांगलं आपल्याला येत नाही, म्हणतात. म्हणून हा अर्ज –

हैदराबाद सरकारचे हुजुरात अर्जदार चन्नव्वा, राहणार मन्नाएखेळ्ळी, हिची विनंती ऐसीजे: सरकारजमा डब्यापैकी ओसरीवरील भाग सरकारने खुशाल ठेवून घ्यावा, गोठ्यामागील भाग मात्र अर्जदारास व तिच्या यजमानांस परत मिळावा. सरकार बरखास्त झाले असल्यास, बरखास्तीच्या आदल्या दिवसाची तारीख घालून मंजुरी द्यावी.