बेसिनवरचा नरसिंह

“वर्षा, ट्रंकेत नरसिंह नाही!”

“नीट बघ ना! घोंगडीखाली असेल,” बहीण म्हणाली.

लखनने घोंगडी झटकली. नुसत्या डांबरगोळ्या! आणि आखाजी, म्हणजे अक्षय्य तृतीया, तर परवावर आलेली.

त्यांचं खानदेशातलं गाव कधीच रिकामं झालं होतं. तिथे कुलपं आणि बाभळी. माणसं सगळी सुरतच्या नवागामात, लूमवर. येताना धुडकूआबांनी फक्त भवाड्यातला, म्हणजे सोंगांच्या नाचातला, हा नरसिंहाचा लाकडी मुखवटा आणला. दर आखाजीला तो चढवून ते गल्लीत नाचायचे. यंदा त्यांचे गुडघे गेले, म्हणून नातवाची, लखनची, पाळी होती.

“मी गावी पाठवला, देवळात,” निंबाकाका म्हणाला. आबा चिडले नाहीत, रडले नाहीत. भिंतीकडे तोंड करून बसले. लखनलाही काही वाटेना. लूमच्या खडखडाटात कान बधिर होतात, तसं आतून झालं होतं.

वर्षाने मात्र खुंटीकडे बोट दाखवलं. “मुखवट्याचं फडकं इथंच आहे!”

नाचताना सोडून एरवी सोंग फडक्याने झाकल्याशिवाय उंबऱ्याबाहेर न्यायचं नसतं. देवळात नेणारा फडकं विसरेल?

शेजारचा धर्मेंद्र चाचरत म्हणाला, “कडोदऱ्याच्या नव्या हॉटेलात असलंच तोंड आहे. बेसिनवर!”

“आणि आत्ता सांगतोस, गध्या?”

“मला प्लास्टिकचं वाटलं!”

धर्मेंद्रचे वडील, पंडितभाऊ, टेम्पोतून कापडाचे ताके घेऊन तिकडेच निघाले होते. फडकं घेऊन तिघं मागे चढली.

हॉटेलात सिमेंटची विहीर, शोभेची बैलगाडी. खरी गावं मरू द्यायची आणि खोट्या गावात बसून जेवायचं! नरसिंहाच्या नाकावर साबणाचे शिंतोडे.

“ए छोकरा, हाथ नहीं लगाडवानो!” शेठ ओरडला. “निंबाभाईए आप्युं छे!” म्हणजे काकानेच दिला होता!

“शेठ, हे नाचतं पण! बघायचंय?” वर्षाने विचारलं.

शेठ खूश! लखनने चपला काढल्या, मुखवटा चढवला. धर्मेंद्रने थाळी बडवली. गिऱ्हाइकं जेवण सोडून टाळ्या पिटू लागली. शेठ सगळ्यात जोरात! लखन नाचत दारापर्यंत गेला, दाराबाहेर गेला, तापलेल्या डांबरावरून नाचत थेट टेम्पोत!

“फडकं टाक!”

“टाकलं! बाबा, गाडी सोडा!” मागोमाग चढत धर्मेंद्र ओरडला.

चाळीत शाब्बासकीचा पाऊस पडला. निंबाकाका खाली बघत म्हणाला, “मला वाटलं, कुजतंयच ते. कोण नाचतं आता?”

मग भोंगा झाला आणि शाब्बासकी देणारे डबे घेऊन पाळीला गेले. गल्ली ओस पडली.

आबा भिंतीकडून वळले. “नाची दाखाड.”

लखन नाचला.

“चुकना.” आबांनी मान हलवली. “डावा पाय पहिले.”

लखनने डावा पाय टेकवला आणि कळवळला. डांबराच्या चटक्यांनी तळव्याला टरारून फोड आले होते. आत्तापर्यंत त्याला ते कळलंच नव्हतं.

“दुखस का?” आबांनी विचारलं.

“हो, आबा. खूप!”

“मंग बरोबर. आते उजवा.”